डिझेलचा मोह

माणसाचा स्वभाव ओळखायचा असेल तर त्याला वापरलेली मोटार विकत घ्यायला लावावी, असे माझे अलीकडे मत झाले आहे. नवी मोटार घेणाऱ्याला फारसे काही ठरवावे लागत नाही. शोरूममधला टाय लावलेला मुलगा त्याच्या वतीने बहुतेक सगळे ठरवून टाकतो. वापरलेल्या मोटारीचे तसे नाही. तिथे प्रत्येक प्रश्न आपण स्वतःलाच विचारायचा असतो, आणि स्वतःला विचारलेल्या प्रश्नाचे खरे उत्तर देण्याची सवय आपल्यापैकी कितीजणांना असते? मला तरी नव्हती.

मी मराठीचा प्राध्यापक. यंत्रांशी माझा संबंध किल्ली फिरवण्यापुरता. पुण्यात आमच्याकडे अकरा वर्षांची एक छोटी गाडी होती आणि ती बिचारी मुकाट्याने चालत होती. ती बदलावी असे मला कधी वाटले नसते. पण अप्पांचे गुडघे बोलू लागले.

अप्पा म्हणजे माझे वडील. गुहागर तालुक्यातल्या एका शाळेतून निवृत्त झालेले शिक्षक. वय अठ्ठ्याहत्तर. आई गेल्यापासून गावच्या घरात एकटेच राहतात. पुण्याला या म्हटले तर पोफळींना पाणी कोण घालणार, असे विचारतात. आमची जुनी गाडी बुटकी. तिच्यात बसताना अप्पांना स्वतःला खाली सोडून द्यावे लागे आणि उतरताना मी दोन्ही हात धरून त्यांना ओढीत असे. 2024 च्या गणपतीत मी असाच त्यांना ओढीत असताना ते म्हणाले, “अरे, गाडीतून उतरवतोयस की विहिरीतून काढतोयस?”

सगळे हसले. मीही हसलो. पण परतीच्या वाटेवर ते वाक्य माझ्याबरोबर पुण्यापर्यंत आले.

तेव्हा ठरले की, खाली वाकावे लागणार नाही आणि वर चढावेही लागणार नाही, खुर्चीवर बसावे तसे सरळ बसता येईल, अशी गाडी घ्यायची. बारावीतल्या चिरंजीवांनी तात्काळ निकाल दिला, “बाबा, तुम्हांला क्रॉसओव्हर पाहिजे.” या शब्दाला मराठी प्रतिशब्द शोधण्यात मी दोन दिवस घालवले आणि नाद सोडून दिला. अर्थ मात्र समजला. जिपेसारख्या गाडीला तळाशी वेगळी पोलादी चौकट असते आणि तिच्यावर वरची पेटी बसवलेली असते. क्रॉसओव्हरची उंची जिपेची, पण घडण साध्या मोटारीसारखी एकसंध. म्हणून ती दिसते दांडगी आणि वागते सोज्वळ. मास्तरकी करणाऱ्या माणसाला याहून सोयीचे वाहन कोणते?

नवी घेण्याची ऐपत नव्हती. 2025 च्या जानेवारीत आम्ही जाहिराती वाचू लागलो. ‘एकच मालक’, ‘डॉक्टरांची गाडी’, ‘फक्त रविवारी वापरलेली’. अतिशयोक्ती अलंकाराची इतकी ताजी उदाहरणे मला पाठ्यपुस्तकात कधी मिळाली नव्हती. शेवटी 2020 सालच्या क्रेटावर घरात एकमत झाले. रंगावरही झाले. आता फक्त गाडी शोधायची, असे मला वाटले. आणि तिथेच खरी अडचण उभी राहिली. त्या एकाच गाडीत तीन निरनिराळी इंजिने मिळत होती.

एक दीड लिटरचे पेट्रोल, ताकद 115 पीएस. दुसरे दीड लिटरचेच डिझेल, ताकद तीच, 115 पीएस. तिसरे 1.4 लिटरचे टर्बो पेट्रोल, 140 पीएस. चिरंजीवांचे मत अर्थातच टर्बोला. मला मात्र कोडे पडले ते पहिल्या दोघांचे. आकार तोच, ताकद तीच, मग डिझेलच्या गाडीला विकणारे सव्वा लाख जास्त का मागत होते?

आमच्या जुन्या गाडीची नाडी ओळखणारे एक मिस्त्री आहेत. हा प्रश्न घेऊन मी त्यांच्या गॅरेजमध्ये गेलो. हात पुसत ते म्हणाले, “सर, ताकद किती ते बघू नका, कधी येते ते बघा. डिझेलचा ओढायचा जोर 250 न्यूटन-मीटर, आणि इंजिन मिनिटाला दीड हजार फेरे मारायला लागलं की तो हजर. पेट्रोलचा जोर 144, तोही पुरता मिळायला साडेचार हजार फेरे लागतात.”

मला एकदम उलगडा झाला. काही वक्ते उभे राहताच सभा ताब्यात घेतात. काहींना रंगात यायला अर्धा तास लागतो. दोघांची विद्वत्ता सारखीच असते. कुंभार्ली घाट माझ्या डोळ्यांपुढे आला. उंब्रजला हमरस्ता सोडायचा, पाटण, कोयनानगर, मग घाट उतरून चिपळूण आणि पुढे आमचे गाव. जाताना घाट उतरायचा, येताना चढायचा. चार माणसे, नारळांची पोती, फणस, आणि पुढे रेंगाळणारा मालट्रक. अशा वेळी अडीचशेचा जोर हाताशी असणे म्हणजे काय सुख! मी मनात डिझेलची गाडी घेऊन टाकली.

“चालणार किती?” मिस्त्रींनी विचारले.

“महिन्यातून दोनदा कोकणात,” मी म्हणालो.

ही शेजारीच उभी होती. ती काही बोलली नाही. तिने फक्त माझ्याकडे पाहिले.

पुढच्या रविवारी आम्ही डिझेलची एक गाडी पाहायला गेलो. मालक अत्यंत गोड बोलत होते. मिस्त्रींनी मात्र चहाला नको म्हणून आधी बॉनेटवर तळहात ठेवला आणि माझ्याकडे पाहून हळूच म्हणाले, “गरम आहे.” सकाळी आठ वाजता, कुठेही न गेलेली गाडी गरम! खोडी असलेले इंजिन थंड असताना चालू करताना खोकते, म्हणून काहीजण गिऱ्हाईक येण्याआधी ते तापवून ठेवतात, हे मला त्या दिवशी कळले. धुराची भाषाही तिथेच शिकलो. निळसर धूर म्हणजे इंजिन ऑइल जळते आहे. पांढरा धूर थांबतच नसेल तर थंडाव्याचे पाणी आत शिरते आहे. डिझेलच्या गाडीने काळा धूर ओकला तर इंधन नीट जळत नाही. ऑइल भरायच्या झाकणाखाली ताकासारखा फेस दिसला तर तिथून सरळ घरी यावे. सर्व्हिसचे कागद सलग असावेत; मधली दोन वर्षे गायब असतील तर ती कुठे गेली ते विचारावे.

ती गाडी सोडून आम्ही परत निघालो. वाटेत मिस्त्रींनी पुन्हा तोच प्रश्न विचारला. “सर, खरं सांगा. रोजचं जाणं-येणं किती?”

घर ते कॉलेज साडेचार किलोमीटर.

“मग डिझेल विसरा,” ते म्हणाले आणि कारण सांगू लागले. 1 एप्रिल 2020 पासून बीएस-6 चे नियम लागू झाले. तेव्हापासून डिझेलच्या मोटारींच्या धुराच्या नळीत काजळी अडवणारी एक गाळणी असते. डीपीएफ म्हणतात तिला. अडवलेली काजळी अधूनमधून जाळून टाकावी लागते. त्यासाठी गाळणी सहाशे अंशांच्या आसपास तापावी लागते, आणि ती तापायला गाडी मोकळ्या रस्त्यावर पंधरा-वीस मिनिटे एका चालीने पळावी लागते. साडेचार किलोमीटरच्या सिग्नलांत इंजिन नीट तापत नाही, तर गाळणी कुठून तापणार? काजळी साठते, दिवा लागतो, तरी मालक हिंडतोच. काजळी जाळण्यासाठी जे जादा डिझेल आत सोडले जाते ते मग इंजिन ऑइलमध्ये झिरपते. शेवटी गाळणी तुंबते, आणि नव्या गाळणीची किंमत ऐकून माणूसही तुंबतो.

“डिझेल वाईट नाही, सर. त्याला पळवणारा माणूस पाहिजे. रोज साठ-सत्तर किलोमीटर हमरस्त्यावर जाणारा असता तर मीच तुमच्या गळ्यात बांधलं असतं.”

“आणि टर्बो पेट्रोल?” मागच्या बाकावरून चिरंजीवांनी क्षीण आवाजात विचारले.

“झकास इंजिन. पण त्याला दोन क्लचांची स्वयंचलित गिअरपेटी येते. तुंबलेल्या रस्त्यात इंच-इंच सरकताना ती तापते. शिवाय टर्बो हा एक जास्तीचा भाग, जुन्या गाडीत त्याचाही खर्च धरावा लागतो. साधं पेट्रोल घ्या. ना टर्बो, ना काजळीची गाळणी. जे नाहीच ते बिघडणार कसं?”

मी तरीही मनातून हटलो नव्हतो. रात्री वही घेऊन बसलो. त्या वेळच्या भावाने पेट्रोल लिटरला 104 रुपयांच्या घरात आणि डिझेल 90 च्या थोडे वर. डिझेलची गाडी लिटरमागे जास्त पळते ते वेगळे. दोन्ही मिळून किलोमीटरमागे तीन रुपयांची बचत मी डिझेलच्या बाजूने सढळ हाताने धरली. गावी जाऊन येऊन साडेपाचशे किलोमीटर; महिन्यातून दोनदा म्हणजे वर्षाला तेरा हजार. गावातले साडेतीन हजार. एकूण साडेसोळा हजारांवर. म्हणजे वर्षाला पन्नास हजार वाचणार आणि सव्वा लाख अडीच वर्षांत वसूल! मी विजयी मुद्रेने वही हिच्यापुढे सरकवली.

हिने वही पाहिली. मग आपला फोन उघडून माझ्यापुढे ठेवला. आमच्या जुन्या गाडीच्या फास्टॅगचा वर्षभराचा हिशेब होता तो. साताऱ्याच्या वाटेवर खेड-शिवापूर आणि आनेवाडी असे दोन टोलनाके लागतात. त्या दोन नावांपुढच्या तारखा मी मोजल्या. मे महिना. गणपती. दिवाळी.

तीन वेळा.

“दोनदा म्हणालास,” ती एवढेच म्हणाली. ‘महिन्यातून’ हा शब्द तिने मुद्दाम गाळला.

मी वहीत नवा हिशेब मांडला. तीन खेपांचे साडेसोळाशे, गावातले साडेतीन हजार. पाच हजारांच्या थोडे वर. बचत वर्षाला पंधरा हजार, आणि सव्वा लाख वसूल व्हायला आठ वर्षे. गाडी तोवर तेरा वर्षांची झाली असती. आणि अप्पा? तो आकडा मी वहीत लिहिला नाही.

त्या रात्री मला झोप लागली नाही. डिझेलचा माझा मोह घाटासाठी नव्हता. डिझेलची गाडी दारात उभी राहिली असती म्हणजे मी वडिलांकडे महिन्यातून दोनदा जाणारा मुलगा झालो असतो. निदान स्वतःच्या नजरेत. सव्वा लाख रुपये देऊन मी इंजिन विकत घेत नव्हतो, समाधान घेत होतो. आणि पेट्रोलची गाडी घेणे म्हणजे वर्षातून तीनदाच जातो, हे कबूल करणे होते. पेट्रोल आणि डिझेल यांत निवड करणे सोपे होते. अवघड होती ती कबुली.

महिन्याभरात पेट्रोलची एक गाडी मिळाली. बॉनेट थंड होते, कागद सलग होते, झाकणाखाली फेस नव्हता. मिस्त्रींनी एक बजावले : 20 टक्के इथेनॉलचे पेट्रोल आता सगळीकडे येते आणि ही गाडी त्याच्या आधीची, तेव्हा लिटरमागे थोडी कमी पळेल आणि इंधनाच्या रबरी नळ्यांवर लक्ष ठेवावे लागेल. फॉर्म 29 आणि 30 वर सह्या झाल्या, विमा नावावर झाला, पेढे वाटले.

रात्री अप्पांना फोन केला. गाडीचा शोध चालू असताना मी त्यांना आठवड्याला बातमी देत होतो. त्यामुळे प्रकरण त्यांना ठाऊक होते.

“मग? डिझेलच ना?”

“नाही अप्पा. पेट्रोल घेतली.” आणि मग धीर करून सांगितले, “हिशेब केला. वर्षातून तीनदाच येणं होतं माझं.”

पलीकडे क्षणभर काही ऐकू आले नाही. मग नेहमीच्या मास्तरी आवाजात ते म्हणाले, “बरं केलंस. डिझेलची घेतली असतीस तर महिन्यातून दोनदा येतो म्हणाला असतास. मी दोनदा वाट बघितली असती. आता तारीख सांग. एकच सांग, पण खरी सांग.”

मी कॅलेंडर काढून तारीख सांगितली आणि त्या तारखेला गेलो. निघताना पुढची तारीख ठरवूनच निघालो. तसे करता करता या वर्षात पाच खेपा झाल्या. पाच म्हणजे काही फार नव्हेत. पण त्या पाचही आधी बोलून दाखवलेल्या होत्या.

पाचव्या खेपेला मोतीबिंदू दाखवण्यासाठी अप्पा आमच्याबरोबर पुण्याला यायला तयार झाले. अंगणात त्यांनी गाडीचे दार उघडले, पाठ वळवली आणि ओसरीवरच्या बाकावर बसावे तसे सरळ बसले. कुणी हात धरला नाही. चिपळूण मागे पडले आणि कुंभार्ली सुरू झाला. मिस्त्रींनी सांगितले होते तसेच झाले. चढावर जोर कमी पडू लागला, मी दुसरा गिअर टाकला आणि इंजिन मोठ्याने ओरडू लागले.

“ओरडते रे तुझी गाडी,” अप्पा म्हणाले.

“पेट्रोलची आहे, अप्पा. डिझेलची असती तर...”

“ओरडू दे,” खिडकीची काच खाली करीत ते म्हणाले. “चढते ना?”