कॅमेऱ्याला होकार देण्याआधी

प्रिय लेकी,

माहितीपटवाल्यांना तुझं लिंग-स्थित्यंतर टीव्हीसाठी चित्रित करायचंय, आणि ‘मावशी, हो म्हणू का?’ असं तू विचारतेस. माझं मत ‘हो’ म्हणावं असंच आहे. पण त्याआधी ज्युलिया ग्रँटची हकीकत ऐक.

१९५४ साली इंग्लंडमधल्या फ्लीटवूडला तिचा जन्म झाला. १९७९ मध्ये बीबीसीने तिच्या स्थित्यंतरावरच्या माहितीपट-मालिकेचा पहिला भाग दाखवला, तो जॉर्ज या तिच्या जुन्या नावाने. डेव्हिड पिअर्सन यांच्या या मालिकेत पुढे जॉर्जची ज्युलिया होताना लोकांनी घरबसल्या पाहिली. तेव्हा तिथला कायदा तिला बाई मानत नव्हता. ती सोय व्हायला २००४ साल उजाडलं.

चेरिंग क्रॉस रुग्णालयातल्या मनोविकारतज्ज्ञाचा त्यात फक्त आवाज आहे, चेहरा नाही. आधी बाई म्हणून राहून, नोकरी करून दाखव, मग शस्त्रक्रियेचं बघू, असा त्यांचा खाक्या. तिने परस्पर खासगीत स्तनांची शस्त्रक्रिया करून घेतली, तर ते तिच्यावर भडकले. तिचं शरीर, तिची घालमेल सगळी जगापुढे, आणि तिचा निर्णय ज्यांच्या हाती ते पडद्याआड! तरीही त्या चित्रणाचं मोल मला याच प्रसंगांत दिसतं. बंद खोलीत ट्रान्स माणसांशी कसं बोललं जातं, याला घरोघरी साक्षीदार मिळाले. तुझ्यामुळेही असे साक्षीदार तयार होतील, म्हणून मी ‘हो’ म्हणते.

मात्र ज्युलियाची कहाणी पडद्यावर तेवढ्यावर थांबली नाही. नव्वदच्या दशकात तिच्यावर पुढचे भाग निघाले. तिने स्वतः पुस्तकंही लिहिली. २०१९ साली ती गेली. चित्रण मात्र उरलंच. आज तू दिलेला होकारही तुझ्या पन्नाशीत तुझ्यासोबत असेल. तेव्हा तो एकदाच देऊन मोकळी होऊ नकोस. नको वाटेल त्या दिवशी चित्रण थांबवण्याचा आणि प्रसारणाआधी सगळं पाहून नको तो भाग काढायला लावण्याचा हक्क करारात लिहून घे. जुनं नाव, लहानपणचे फोटो दाखवायचे की नाही, हे तूच ठरव. तुला तपासणारे, तुला कागद देणारे यांनाही चित्रणात आणायचा आग्रह धर.

शस्त्रक्रिया हा शेवटचा प्रसंग ठरवून कुणी पटकथा आणली, तर स्पष्ट नकार दे. आपली लिंगओळख आपणच ठरवायची आणि त्यासाठी शस्त्रक्रियेची अट घालता येणार नाही, असं आपल्या सर्वोच्च न्यायालयाने २०१४ च्या नाल्सा खटल्याच्या निकालात सांगितलंय. तू आत्ताही पूर्ण आहेस. तुझी नोकरी, भाड्याची खोली मिळवताना झालेली दमछाक, मैत्रिणींबरोबरचं हसणं हेही त्यात यायला हवं.

ताईला, म्हणजे तुझ्या आईला, कॅमेऱ्यासमोर यायचं नसेल, तर तिला गळ घालू नका. तिच्याशी मी बोलते. आणि सही करण्याआधी कराराचा कागद मला पाठव. आपण दोघी मिळून ओळ न् ओळ वाचू.

तुझी,
मावशी