बांधावरचा मोह, परसातला चिकू

होळी झाली की आमच्या आदिलाबादकडे गावाची झोप लवकर उडायची. मोहफुलं पहाटे गळतात, ती उन्हं तापायच्या आत वेचावी लागतात. उशीर केला तर गुरं नाहीतर अस्वल आधी येऊन जाणार. ताजं फूल गोटीएवढं, फिकट पिवळं, रसाने टच्च. स्त्रीकेसराचा धागा झाडावरच राहतो, म्हणून खाली पडलेल्या फुलाला आरपार भोक असतं. आम्ही पोरं ती दोऱ्यात ओवून गळ्यात घालायचो आणि माळेतूनच एकेक खायचो.

वाळली की ती मनुकांसारखी दिसतात. गोंड-कोलामांच्या घरांत ती भाजून, कुटून, ज्वारीच्या पिठात मिसळून खात. आमच्या घरी आजी तीळ घालून कुटायची. पावसाच्या तोंडावर टोळीचं, म्हणजे मोहाच्या बियांचं, तेल निघे. थंडीत ते तुपासारखं थिजायचं. बाजाराच्या दिवशी फुलं देऊन मीठ-मिरची आणता येई. किनवट 1956 पर्यंत आमच्याच जिल्ह्यात होतं, पुढे ते नांदेडात गेलं. पण सोयरीक आणि मोहाची गाठोडी सीमा ओलांडतच राहिली.

पुढे मोह म्हणजे दारू, एवढंच उरलं. शिकलेल्या घरांत त्याचं नाव काढायची चोरी झाली. आणि गंमत अशी की त्याच लोकांनी परसात हौसेने चिकू लावला! मोह, चिकू, खिरणी, बकुळ ही सगळी सॅपोटेसी या एकाच कुळातली भावंडं. कुणाचंही पान खुडा, पांढरा चीक येतो. त्यातला चिकू मूळचा मध्य अमेरिकेचा. आपल्याकडे त्याचं कलम बहुधा खिरणीच्या खुंटावर बांधतात, म्हणजे पाहुणा उभा आहे तो इथल्याच मुळांवर. खिरणीची पिवळी गोड फळं मात्र बाजारातून दिसेनाशी झाली.

आता मोहाला पुन्हा बरे दिवस आलेत. उटनूरला आदिवासी बायका मोहफुलांचे लाडू वळतात. तेलुगूत इप्पपुव्वू लाडू म्हणून ते दुकानात मिळतात, अंगात रक्त कमी असलेल्यांना आवर्जून सांगितले जातात. आदिलाबादच्या या मोहाच्या पदार्थांचा उल्लेख मार्च 2025 मध्ये पंतप्रधानांच्या ‘मन की बात’मध्येही झाला. आजीच्या कुटलेल्या तिळाची सर त्यांना नाही, असं मी म्हणणार होतो. पण बायकांना हक्काची मजुरी मिळते, तिथे माझ्या जिभेला कोण विचारतो?

मला खुपतं ते निराळंच. फुलं नीट दिसावीत म्हणून झाडाखालचा पाला पेटवून जागा लख्ख करायची पद्धत. त्या धुराचा वास अजून आवडतो, पण त्याच आगीत मोहाची लहान रोपं दरसाल जळत आली. म्हणून बांधावर म्हातारे मोह दिसतात, तरणा क्वचित. अलीकडे काही ठिकाणी झाडाखाली जाळी बांधतात. फुलं स्वच्छ मिळतात आणि आगही लावावी लागत नाही.

नवं झाड लावायचं तर अडचण आणखी. मोहाची बी फार दिवस टिकत नाही, ताजी असतानाच पेरावी लागते. आणि नेमका त्याच दिवसांत टोळीचा व्यापारी काटा घेऊन दारात उभा असतो.