खालची पट्टी

रीमा लागूंचा चेहरा आठवायच्या आधी मला त्यांचा आवाज आठवतो. बाहेरच्या खोलीत टीव्ही चालू असायचा, आपण आत कशात तरी गुंतलेले, आणि मध्येच तो यायचा; भरलेला, किंचित जाडसर, शब्द संपता संपता हलकेच ओलावणारा. उठून बघायला जायची गरज नसे. पडद्यावर कुणाचा तरी मुलगा घरी आला आहे, एवढं त्या आवाजावरूनच कळायचं.

१९८८ साली 'कयामत से कयामत तक', १९८९ साली 'मैंने प्यार किया'. त्या तेव्हा नुकत्या कुठे तिशीत पोचलेल्या, आणि हिंदी सिनेमाने त्यांना आई करून टाकलं ते कायमचं. 'आशिकी', 'साजन', 'हम आपके हैं कौन', 'कुछ कुछ होता है'... नायक बदलत गेले, मायेचा सूर तोच राहिला. सहायक अभिनेत्री म्हणून फिल्मफेअरचं नामांकन चारदा आलं, बाहुली एकदाही नाही. असो.

मला राहून राहून वाटतं, तो आवाज सिनेमाचा नव्हताच. आई मंदाकिनी भडभडे रंगभूमीवरच्या, 'लेकुरे उदंड जाली'तल्या. पुण्याच्या हुजूरपागेत शिकणारी नयन भडभडे, म्हणजे लग्नाआधीच्या रीमाताई, नाटकाची भाषा कानांवर घेतच वाढली असणार. पुढे बँकेतली नोकरी, संध्याकाळचे प्रयोग, लग्नही रंगभूमीवरच्याच विवेक लागूंशी. शेवटच्या रांगेपर्यंत पोचायचं म्हणजे ओरडायचं नव्हे, हे अशा घरातल्या मुलीला वेगळं शिकवावं लागत नाही.

आणि रंगमंचावर त्या आवाजाचं काय काय व्हायचं! जयवंत दळवींच्या 'पुरुष'मधली अंबिका, समोर नाना पाटेकरांचा गुलाबराव. 'सविता दामोदर परांजपे'त तर एका बाईच्या गळ्यातून दुसरी, मेलेली बाई बोलू लागते. मऊपणाला तिथे जागाच नव्हती. तिथे होती ती खालची पट्टी, खर्जातली, पोटातून येणारी. हिंदी सिनेमाने मात्र पैठणीचा नुसता पदर कापून घ्यावा तसा त्या गळ्यातला एक तुकडा उचलला आणि वर्षानुवर्षं तोच मिरवला.

एकदाच, १९९९च्या 'वास्तव'मध्ये, त्याने बाकीचं वस्त्रही पाहिलं. मुलगा झालेला संजय दत्त त्यांच्याहून जेमतेम वर्षभराने लहान. हा हिशेब मागाहून सुचतो, बघताना नाही. भासांनी पोखरलेला रघू सुटका मागतो आणि शांता पिस्तूल हातात घेते. 'मैंने प्यार किया'तली हीच का ती आई? हीच. माया तेवढीच, आवाज मात्र पार तळाला गेलेला.

छोट्या पडद्याने त्यांना जास्त मोकळं सोडलं, हे कबूल करायला हवं. 'तू तू मैं मैं'मधली सासू कशी टणटणीत भांडायची! आणि अखेरच्या 'नामकरण' मालिकेत त्या दयावंती होत्या. कडक, कावेबाज, जरब बसवणाऱ्या. १८ मे २०१७ला, अठ्ठावन्नाव्या वर्षी त्या गेल्या, तोवर त्या मालिकेचं चित्रीकरण चालूच होतं. इतक्या गोड बाईला असं दुष्ट कशाला केलं, अशी कुरकुर तेव्हा पुष्कळ ऐकली. मला तर ती दयावंती फार आवडायची. नाटकातल्या रीमाताई पुन्हा बोलू लागल्या होत्या, आणि या वेळी तिकीटसुद्धा काढावं लागत नव्हतं.