रोलच्या उरलेल्या फ्रेम

लाडक्या बाळा,


परवा तू पाठवलेला सेल्फी आजीला मोठा करून दाखवला. तिने चष्मा पुसून पुन्हा पाहिलं आणि विचारलं, "हिचा गालावरचा तीळ कुठं गेला गं?" फिल्टरने तीळ पुसला होता आणि रंगही उजळला होता. आजी बराच वेळ त्या फोटोत तुला शोधत राहिली. म्हणून हे पत्र, आणि त्यात स्वतःचीच छबी टिपणाऱ्या काही माणसांच्या गोष्टी.

सॅम्युएल फोसो हा नायजेरियातल्या बियाफ्राच्या युद्धातून वाचलेला मुलगा. १९७५ साली, अवघ्या तेराव्या वर्षी, त्याने मध्य आफ्रिकी प्रजासत्ताकाच्या बांगी शहरात स्वतःचा फोटो स्टुडिओ थाटला. गिऱ्हाइकांचे फोटो काढून रोलवर थोड्या फ्रेम उरल्या, की तो नटूनथटून स्वतःचे फोटो काढायचा. त्यातले काही नायजेरियातल्या आजीला पाठवायचा. आपण सुखरूप आहोत, एवढं तिला कळावं म्हणून. पुढे २००८ मध्ये 'आफ्रिकन स्पिरिट्स' या मालिकेत तोच माल्कम एक्स झाला, अँजेला डेव्हिस झाला, मुहम्मद अली झाला. ज्यांना तो आपलं मानत होता, त्यांना त्याने स्वतःच्या चेहऱ्यावर जागा दिली. तूही हवी तेवढी रूपं घे, बाळा. नटण्याला माझी कधीच ना नाही.

पण रंगाचं दुखणं मला ठाऊक आहे. माझा 'दाखवायचा' फोटो काढला, तेव्हा फोटोवाल्याने न विचारताच मला गोरी करून दिली. पाहायला आलेली मंडळी फोटोकडे बघत, मग माझ्याकडे. त्या दोन नजरांमधलं अंतर मी अजून विसरलेले नाही.

म्हणून दक्षिण आफ्रिकेतल्या झानेले मुहोली यांचे स्वतःचे फोटो पाहिले, तेव्हा माझे डोळे भरून आले. त्या फोटोंच्या मालिकेच्या झुलू नावाचा अर्थ आहे, काळ्या सिंहिणीला वंदन. फोटो तयार करताना कॉन्ट्रास्ट वाढवून मुहोली आपली कातडी मुद्दाम अधिक काळी करतात. कपडे वाळत घालायचे चिमटे आणि भांडी घासायच्या घासण्या त्यात मुकुटासारख्या डोक्यावर चढतात. मुहोलींच्या आईने उभा जन्म दुसऱ्यांच्या घरी राबण्यात घालवला होता. त्या कष्टांची आठवण लेकराने अशी माथ्यावर धरली.

रंगासारखंच वयही लपवावंसं वाटतं. पण चित्रपट दिग्दर्शिका आन्येस वार्दा यांनी २०००च्या 'द ग्लीनर्स अँड आय' या माहितीपटात एका हातात छोटा कॅमेरा धरून आपलाच दुसरा, सुरकुतलेला हात टिपला. म्हातारपण जवळून, न घाबरता पाहिलं. तो हात पाहताना मला आपल्या आजीचाच हात दिसला.

तू तान्ही असताना त्याच हाताने ती तुला न्हाऊमाखू घालायची. काजळाची तीट मात्र कधी लावायची नाही. म्हणायची, "हिला देवानंच तीट लावून पाठवलीय."

एक फोटो पाठव, बाळा. आजीला ती तीट पाहायची आहे.

तुझी,
मावशी