पावतीची साक्ष

कार्डाच्या मासिक हिशेबांत एका अपरिचित ठेकेदाराच्या नांवें ४०० रुपये पडलेले पाहून आम्हीं नातवावरच संशय घेतला. कारण बाजारहाटास कार्ड तोच नेतो. बिचारा निमूट राहिला. तिऱ्हाइताची लबाडी, बँकेची सूचना मिळाल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत कळविल्यास, ग्राहकावर भुर्दंड पडत नाहीं, हा रिझर्व्ह बँकेचा २०१७ चा नियम स्मरून आम्ही तक्रार लिहावयास बसलों. तोंच कोटाच्या खिशांत सोनेगांव विमानतळावरील वाहनतळाची पावती सांपडली! लेकीस पोंचवितांना कार्ड आम्हींच पुढें केलें होतें. हिशेबांत पुष्कळदां स्थळाचें नव्हे, ठेकेदाराचें नांव येतें. अनुमानाहून प्रत्यक्ष प्रमाण श्रेष्ठ, असें जन्मभर शिकविणाऱ्या आम्हीं नातवाची क्षमा मागितली. वाचकहो, घरच्या माणसापूर्वीं आपले खिसे तपासावे!