दोघांत मिळून एक कोयता

'कपल'साठी आपल्या कॉफीशॉपांत शब्दांचा तोटा नाही. बीडच्या बालाघाटात मात्र एकच शब्द चालतो : कोयता. नवरा-बायको मिळून एक कोयता. एकटे असाल तर अर्धा! पाटोदा, शिरूर कासारकडे फिरताना हे ऐकून मी आधी हसलो. मग त्यामागचा हिशेब कळला.

हा पर्जन्यछायेचा मुलूख. डोंगरातली सीताफळं (जीआय टॅगवाली, बरं का) पिकतात आणि नेमकी तेव्हाच गावं रिकामी व्हायला लागतात. मुकादम कोयत्याला उचल, म्हणजे आगाऊ पैसे देतो. ती फिटेपर्यंत पश्चिम महाराष्ट्र नाहीतर कर्नाटकच्या फडात राबायचं. पूर्ण उचल जोडीलाच, म्हणून लग्नंही घाईत उरकतात. मुलगी अठराची झाली का, हे विचारायला कुणाला सवड नसते.

फडात तो ऊस तोडतो, ती मोळ्या बांधते आणि डोक्यावर घेऊन ट्रकवर चढते. एक दिवस चुकला की खाडा, म्हणजे दंड. पाळी असो, दुखणं असो. ऊसतोड बायकांच्या गर्भाशय काढण्याच्या ऑपरेशन्सची बातमी २०१९ मध्ये देशभर गाजली, सरकारने नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समितीही नेमली. जानेवारी २०२४ मध्ये तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ ठरली. अप्रेझलमध्ये असा आकडा ऐकलाय कधी? फक्त तो दर तेव्हा टनामागे ३६६ रुपये झाला, आणि दोघांत मिळून!

कंकालेश्वराचं पाण्यातलं देऊळ, खजाना विहीर हे बीडमध्ये जरूर बघा. मला लक्षात राहिलं ते पाटोद्याजवळच्या एका घरातलं जोडपं. चहा नवऱ्यानं केला. फडावर पहाटे तीनला उठून चूल तोच पेटवतो म्हणे, कारण दिवसभर मोळ्या वाहून तिची मान धरते. "गावात नाही करत हं," ती पदराआड हसली, "लोकं काय म्हणतील!"

भांडण होत नाही का, मी विचारलं.

"होतंय की. पण दादा, रुसून जावं कुठं? माहेरबी फडावरच हाय."

तो कपबशा विसळत होता. यंदाची उचल घेतलीय, म्हणाला. दोघांची.