लाथ मारीन तेथें पाणी

माझा भाचा अमेरिकेंत बफेलो शहरीं नोकरीस आहे. दर रविवारीं सकाळीं, म्हणजे त्याच्या शनिवारच्या रात्रीं, तो मला फोन करतो आणि तिकडचें एखादें नवल माझ्या पदरांत टाकतो. एके दिवशीं तो म्हणाला, “मामाजी, इथं एका मानसाले नुसत्या लाथा मारायचा पगार भेटते!”

आम्ही भातकुलीचीं माणसें. आमच्याकडे लाथ फुकट मिळते. ती म्हैस देते, नशीब देतें आणि क्वचित् प्रसंगीं वडील माणसेंही देतात. तिच्यासाठीं कोणी पगार मोजीत असेल, यावर माझा विश्वास बसेना. भाचा मात्र गंभीरपणें सांगत होता. तिकडच्या फुटबॉलच्या प्रत्येक संघांत असा एक गडी असतो. तो धांवत नाहीं, कोणाला पाडीत नाहीं, कोणाला अडवीत नाहीं. हांक आली कीं मैदानांत जातो, ठेवलेल्या चेंडूस एक लाथ मारतो आणि परत येऊन बसतो. त्याला ‘किकर’ म्हणतात.

तें ऐकतांना मला आपल्याकडची ‘लाथ मारीन तेथें पाणी काढीन’ ही तोऱ्याची म्हण आठवली. ती ज्यानें प्रथम उच्चारली तो आमच्या मुलखांत कधीं फिरकला नसावा. भातकुली ही पूर्णेच्या खारपाण पट्ट्यांत वसलेली. येथें लाथ मारून काय, यंत्रानें खोल भोंक पाडून पाणी काढलें, तरी तें खारेंच लागतें. पिण्याच्या तर तें उपयोगाचें नाहींच, पण पिकाला दिलें तर काळी जमीन दगडासारखी आवळून येते. म्हणून येथल्या बहुतेक वावरांचा जीव आभाळाच्या पाण्यावर. लाथ मारणाऱ्याची घमेंड येथें चालत नाहीं. आणि कदाचित् म्हणूनच त्या परदेशी लाथमाऱ्याची गोष्ट माझ्या मनांत घर करून राहिली.

मग मीं भाच्याकडून तो खेळ समजून घेतला. त्यास फुटबॉल म्हणतात खरें, पण पायाचा त्यांत संबंध फार थोडा. लांबट, दोन्ही टोंकांस निमुळता चेंडू पोटाशीं कवटाळून समोरच्या धिप्पाड माणसांच्या भिंतींतून पुढें घुसावयाचें, हा त्याचा मुख्य व्यापार. चार प्रयत्नांत दहा यार्ड भूमि जिंकली तर चेंडू आपल्याकडे राहतो. तीन प्रयत्नांत तें साधलें नाहीं आणि गोलाचे खांब टप्प्यांत असले, म्हणजे किकरास हांक मारतात. एक गडी दोन पायांच्या मधून चेंडू मागें सातएक यार्डांवर फेंकतो. दुसरा गुडघा टेकून तो झेलतो व जमिनीवर उभा धरून वर बोट ठेवतो. तिसरा, म्हणजे आमचा हा पगारी गृहस्थ, दोन पावलें धांवून त्यास लाथ मारतो. साडेअठरा फूट अंतरानें उभ्या असलेल्या दोन खांबांमधून, दहा फूट उंचीच्या आडव्या दांडीवरून चेंडू गेला कीं तीन गुण. हें सारें होण्यास सुमारें सव्वा सेकंद लागतो.

मीं लहानपणीं दोन उन्हाळे अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या आखाड्यांत घालविले आहेत. १९३६ सालीं बर्लिनच्या ऑलिंपिकप्रसंगीं ज्याच्या पथकानें आपले देशी खेळ दाखविले, तेंच हें मंडळ. तेथें खेळाडू म्हणजे सर्वांगानें खेळणारा, ही समजूत माझ्या हाडांत मुरली. सव्वा सेकंदांच्या खेळाडूस खेळाडू म्हणावें कीं नाहीं, याचा मला प्रथम संशयच होता. तो खुद्द त्याच्या सोबत्यांनाही असतो, असें पुढें कळलें. त्रेपन्न जणांच्या संघांत किकर बहुधा एकच. बाकीचे चिखलांत आणि रक्तांत लोळत असतां हा स्वच्छ कपड्यांनीं कडेला उभा राहून एका जाळींत लाथा मारीत असतो.

शिवाय हे लोक बहुधा आडवाटेनें आलेले. पीट गोगोलाक हा हंगेरींतून १९५६ सालच्या उठावानंतर घरच्यांसह पळालेला मुलगा. तोंपर्यंत अमेरिकेंत सरळ अंगठ्याच्या टोंकानें लाथ मारीत. हा युरोपांतल्या पोरांप्रमाणें कडेनें येऊन पावलाच्या पाठीनें मारी. १९६४ सालीं त्याला बफेलोच्याच संघानें घेतलें, आणि लोक ज्याला हंसले तीच रीत आज सर्वत्र चालते. यान स्टेनरुड हा नॉर्वेचा. बर्फावरून उड्या मारण्याच्या कौशल्यावर तो अमेरिकेंत शिकावयास गेला आणि किकर होऊन राहिला. टॉम डेम्प्सी याच्या उजव्या पायाला जन्मतःच बोटें नव्हतीं. त्याच पायानें त्यानें ८ नोव्हेंबर १९७० रोजीं ६३ यार्डांवरून चेंडू खांबांपार नेला, आणि पुढें चाळीसांहून अधिक वर्षें तो उच्चांक कोणास ओलांडतां आला नाहीं.

यांतला सर्वांत यशस्वी म्हणजे ॲडम व्हिनाटिएरी. संघ तरुण खेळाडूंची निवड करतात तेव्हां त्याला कोणीं निवडलेंच नाहीं. १९९६ सालीं तो कांहीं महिने ॲम्स्टरडॅमला जाऊन खेळला, आणि त्याच वर्षीं कसाबसा न्यू इंग्लंडच्या संघांत शिरला. १९ जानेवारी २००२ च्या रात्रीं भर हिमवर्षावांत, सामना हातचा गेल्यासारखा असतां, त्यानें ४५ यार्डांवरून मारलेला चेंडू बर्फाच्या पडद्यांतून खांबांपार गेला व बरोबरी झाली. पुढें त्याच्याच लाथेनें तो सामना जिंकला. दोन आठवड्यांनीं अंतिम सामन्याच्या अखेरच्या क्षणीं ४८ यार्डांवरून त्यानें संघास विजेतेपद मिळवून दिलें. चोवीस हंगाम तो खेळला आणि २,६७३ गुण मिळवून गेला. पण मला मोह पडला तो दुसऱ्याच एका आंकड्याचा. नियमित सामन्यांत त्यानें अशा ७१५ लाथा मारल्या. त्यांतल्या ५९९ साधल्या. म्हणजे एवढा मोठा माणूस ११६ वेळां हुकला! ११६ वेळां मान खालीं घालून कडेला आला, आणि पुढची हांक येतांच पुन्हां मैदानांत गेला.

असा धंदा आपल्याकडे नाहींच असें नव्हे. अमरावतीचा जितेश शर्मा क्रिकेटमध्यें यष्टिरक्षण करतो आणि फलंदाजीस बहुधा शेवटीं जातो. डाव संपत आलेला, चेंडू थोडे आणि धांवा फार, अशा वेळीं त्याची गरज पडते. २०१६ सालीं त्याला मुंबईच्या आयपीएल संघानें घेतलें, पण तेथें एकही सामना त्याच्या वांट्यास आला नाहीं. त्या स्पर्धेंतील पहिला सामना खेळावयास त्याला २०२२ साल उजाडावें लागलें. पुढें २७ मे २०२५ रोजीं लखनौ येथें बेंगळूरूच्या संघाचें नेतृत्व त्याच्याकडे होतें. त्यानें ३३ चेंडूंत नाबाद ८५ धांवा काढल्या आणि सामना जिंकला. लोकांनीं ते ३३ चेंडू पाहिले. त्यामागचीं बसून काढलेलीं वर्षें कोण पाहतो?

हें सर्व मनांत घोळत असतां एकदां मी वावराच्या धुऱ्यावर बसलों होतों, आणि एकाएकीं मला उमगलें कीं, किकर मीं जन्मापासून पाहिलेला आहे. माझे बाबा किकरच होते.

खारपाणांतला शेतकरी वर्षभर राबतो. वखरतो, काडीकचरा वेंचतो, ढेकळें फोडतो. पण त्याच्या वर्षाचा निकाल लागतो तो एका दिवसांत. मृग नक्षत्र लागतें. एक सर येते. ओल हातभर खोल गेली कीं वरवर भिजली, हें माती मुठींत दाबून पाहावयाचें. वारा कोणीकडचा आहे तें पाहावयाचें. आणि मग तिफण जुंपावयाची किंवा थांबावयाचें. पेरलें आणि पाऊस आला, तर साधलें. पेरलें आणि पावसानें तोंड फिरविलें, तर बियाणें मातींतच करपतें आणि दुबार पेरणी कपाळीं येते. व्हिनाटिएरीला ७१५ वेळां लाथ मारावयास मिळाली. माझ्या बाबांना सारी मिळून सेहेचाळीस वर्षें मिळालीं. म्हणजे अवघ्या सेहेचाळीस लाथा.

२०१४ सालीं त्यांची लाथ हुकली. पहिल्या पावसावर त्यांनीं साऱ्या वावरांत पऱ्हाटी टोबली, आणि मग आभाळ कोरडें पडलें. दिवसामागून दिवस गेले. रोज सकाळीं बाबा वावरांत जात, बोटानें माती उकरून एखादें बीं पाहत, आणि पुन्हां झांकून ठेवीत. मी त्या वेळीं अमरावतीस शिक्षक होतों. सुटीच्या दिवशीं घरीं येऊन मीं त्यांना ऐकविलें, “आठ दिवस थांबला असता तर काय बिघडलं असतं?” मी शिकलेला होतों, झालेल्या गोष्टीवर शहाणपण सांगण्याची विद्या मला अवगत होती. बाबा कांहीं बोलले नाहींत.

त्याच संध्याकाळीं शेजारचे एक गृहस्थ ओसरीवर आले. त्यांचें आमचें धुऱ्यावरून जुनें भांडण. पाणी प्याले, पावसाला दोन शिव्या दिल्या, आणि उठतां उठतां म्हणाले, “मोठेभाऊ, आमच्या घरी बियान्याच्या दोन बॅगा उरल्या हायेत. पोराले पाठवून द्या.” त्यांच्या घरीं कांहीं उरलेलें नव्हतें, हें साऱ्या आळीला ठाऊक होतें.

हा प्रसंग मला पुन्हां आठवला तो भाच्यानें स्कॉट नॉरवुडची गोष्ट सांगितली तेव्हां. २७ जानेवारी १९९१ रोजीं बफेलोचा संघ प्रथमच तिकडच्या सर्वांत मोठ्या सामन्यांत उतरला होता. एका गुणानें मागें. आठ सेकंद उरलेले. ४७ यार्डांचें अंतर. नॉरवुडनें लाथ मारली. चेंडू उंच गेला, लांब गेला, आणि उजव्या खांबाच्या बाहेरून गेला. वीस-एकोणीस असा सामना हरला. दुसऱ्या दिवशीं बफेलोच्या चौकांत हजारों लोक जमले. आपला संघ हरून आला असतां लोक कशाला जमतात, हें आपणांस ठाऊक आहे. पण त्या गर्दीनें एकच नांव लावून धरलें: स्कॉट पाहिजे, आम्हांला स्कॉट पाहिजे. तो मागें उभा होता, त्याला पुढें यावें लागलें. बोलतांना त्याचा कंठ दाटून आला. तो आणखी एक हंगाम खेळला. त्या हंगामांत उपांत्य सामना संघानें तीन गुणांनीं जिंकला, आणि त्यांत त्याच्याच एका लाथेचे तीन गुण होते. मग तो बाहेर पडला.

बफेलोच्या चौकांतले ते हजारों लोक आणि आमच्या ओसरीवरचा तो एकटा शेजारी, यांच्यांत मला कांहीं अंतर दिसत नाहीं. चुकलेल्या माणसाला कसें वागवावें, हें ज्यांना कळतें त्यांच्यांतच कोणी पुढची लाथ मारण्याचें धाडस करूं शकतो.

आतां माझी गोष्ट सांगून टाकतों. बाबा दोन वर्षांपूर्वीं गेले. मी तोंवर निवृत्त झालों होतों. वावर माझ्याकडे आलें. पहिल्या वर्षीं मृगाचा पाऊस झाला, ओल बरी होती, आजूबाजूच्या तिफणी निघाल्या. मला २०१४ साल आठवलें. मी थांबलों. आणखी एक सर येऊं दे, म्हणून पुन्हां थांबलों. मग जी झड लागली ती वाफसा होऊं देईना. चिखलांत बैलाचा पाय ठरेना. मूग गेला, पऱ्हाटीचे दिवस गेले, आणि शेवटीं उशीरानें तूर टाकून मीं लाज राखली. बाबांची लाथ हुकली होती. मीं तर लाथ मारलीच नाहीं. आणि ज्या शहाणपणानें मीं त्यांना बोल लावला, त्याचें मोल त्या वर्षीं मला पैशांत कळलें.

त्या दुबार पेरणीच्या वेळचें बाबांचें एक वाक्य मला आठवतें. उधारीच्या बियाण्याची पिशवी खांद्याला अडकवून ते वावरांत उतरत होते. मीं विचारलें, “पुन्हा हुकलं तर?” ते म्हणाले, “पाऊस काई आपल्या हातात नाई, बाप्पा. तास आपल्या हातात हाये. थे सरय गेलं पायजे.”

किकरलाही त्याचे गुरु याहून वेगळें कांहीं शिकवीत असतील असें मला वाटत नाहीं. वारा त्याचा नाहीं, चेंडू धरणारें बोट त्याचें नाहीं, खांबही त्याचे नाहींत. पाऊल तेवढें त्याचें. लाथ मारून पाणी काढण्याची प्रतिज्ञा ज्यांना करावयाची ते करोत. पाणी निघो न निघो, हांक आली म्हणजे उठून जाणें, एवढेंच आमच्यासारख्यांच्या हातीं.

उद्यां मृग लागतो. पश्चिमेकडे आभाळ काळें झालें आहे. भाच्याला मीं सांगितलें आहे कीं, या रविवारीं फोन करूं नकोस. मामाजी बहुधा वावरांत असतील.